गलिव्हरचे उरलेले दोन प्रवास आम्हाला द्या : मराठी प्रकाशकांना खुले पत्र

मराठीत बालसाहित्य आणि अनुवाद प्रकाशित करणाऱ्या सर्वांना,

सप्रेम नमस्कार.

मी एका तालुक्याच्या गावातल्या सार्वजनिक वाचनालयात ग्रंथपाल आहे. देवघेवीच्या टेबलाशी बसून २४ वर्षं झाली. या पत्राला निमित्त झाली आमच्या बालविभागातली सहावीतली एक मुलगी. दिवाळीच्या सुट्टीत तिनं गलिव्हरचं पुस्तक नेलं, दुसऱ्याच दिवशी परत आणलं आणि विचारलं, "काकू, पुढचं कुठाय?" मी म्हटलं, संपलं की गं, आला ना तो घरी. तिनं शेवटचं पान उघडून माझ्यासमोर धरलं. तिथं छापलं होतं की गलिव्हरचं मन घरात रमेना. "रमेना म्हणजे परत गेला ना कुठंतरी?"

तिला नीट उत्तर देता यावं म्हणून त्या संध्याकाळी मी कपाटातले सगळे गलिव्हर काढून टेबलावर मांडले. पाच प्रती निघाल्या, सर्वांत जाड ९६ पानांची. तिघांत फक्त लिलिपुट, म्हणजे बोटभर माणसांचा देश, दोघांत लिलिपुट आणि राक्षसांचा देश. मूळ पुस्तक चार प्रवासांचं आहे. तिसरा आणि चौथा प्रवास एकाही प्रतीत नव्हता. आपण संक्षेप वाचतोय हे कळावं अशी ओळ दोनच प्रतींवर होती, आणि एकीवर तर मूळ लेखकाचं, जोनाथन स्विफ्टचं, नावच कुठं सापडलं नाही.

मुलांसाठी पुस्तक लहान करायला माझी हरकत नाही. पण लहान करताना काय हरवतं ते एकदा जवळून बघा. लिलिपुटच्या राजवाड्याला आग लागते तो प्रसंग घ्या. आमच्या एका प्रतीत गलिव्हर टोपीत समुद्राचं पाणी भरून आणतो आणि आग विझवतो. मूळ पुस्तकात आदल्या रात्री त्यानं भरपूर दारू प्यायलेली असते आणि तो राजवाड्यावर लघवी करून आग विझवतो. राजवाडा वाचतो, पण राणीला त्याची अशी शिसारी बसते की ती त्या महालात पुन्हा पाऊल ठेवत नाही. पुढे गलिव्हरवर जे आरोपपत्र तयार होतं त्याचं पहिलं कलम हेच असतं : राजवाड्याच्या आवारात लघवी करणं हा राजद्रोह. शेजारच्या ब्लेफुस्कू देशाला गुलाम करायला त्यानं नकार दिला, हाही गुन्हा त्यात आहेच. शिक्षा ठरते ती डोळे काढण्याची, आणि ती सौम्य आहे म्हणून राजाच्या दयाळूपणाचे गोडवे गायले जातात. आमच्या प्रतीत या सगळ्याच्या जागी एकच वाक्य आहे : 'राजाचे मन बदलले.' का बदललं, हे मुलाला कळायला मार्गच उरलेला नाही. काम झाल्यावर सत्ता माणसाशी कशी वागते हे सांगण्यासाठी ती गोष्ट रचली होती, आणि आपण नेमका तोच सांधा निखळवला.

तुम्हाला हे लिहिण्याचं आणखी एक कारण आहे. स्विफ्टचं आयुष्य वाचायला घेतलं तर पानोपानी तुमच्याच व्यवसायातली माणसं भेटतात. त्याच्या शब्दांसाठी कोण तुरुंगात गेलं, कुणी भीतीनं मजकूर बदलला आणि कुणी तो पुन्हा जागेवर बसवला, त्या सगळ्या मुद्रकांची नावं इतिहासात आहेत.

स्विफ्ट ३० नोव्हेंबर १६६७ रोजी डब्लिनला, आयर्लंडमध्ये येऊन राहिलेल्या इंग्लिश घराण्यात जन्मला. वडील त्याच्या जन्माआधीच गेले होते, काकांच्या आधारावर शिक्षण झालं. पुढे तो धर्मगुरू झाला. लंडनच्या राजकारणात त्याच्या लेखणीला फार मान मिळाला, इंग्लंडमध्येच एखादं मोठं धर्मपद मिळेल अशी त्याची आशा होती, आणि १७१३ मध्ये त्याच्या पदरात पडलं ते डब्लिनच्या सेंट पॅट्रिक कॅथीड्रलच्या, म्हणजे तिथल्या मोठ्या चर्चच्या, डीनचं, मुख्य धर्मगुरूचं पद. त्याला ती हद्दपारीच वाटली. पण कॅथीड्रलच्या भोवती विणकरांची वस्ती होती. आयर्लंडचं लोकरी कापड परदेशी विकायला इंग्लंडच्या संसदेनं १६९९ मध्ये बंदी घातलेली होती, आणि त्या विणकरांची उपासमार डीनच्या दारातच दिसत होती.

१७२० मध्ये त्यानं निनावी पुस्तिका लिहिली : आयर्लंडनं आयर्लंडचंच कापड वापरावं. इंग्लंडहून येणारं सगळं जाळून टाका, फक्त तिथली माणसं आणि तिथला कोळसा सोडून, हे कुणाचं तरी वाक्य त्यानं त्यात आवर्जून दिलं. लेखक सापडेना म्हणून एडवर्ड वॉटर्स या मुद्रकावर खटला भरला गेला. ज्यूरीनं त्याला निर्दोष ठरवलं. न्यायाधीश व्हिटशेडला ते मान्य नव्हतं. त्यानं ज्यूरीला पुन्हा विचार करायला परत पाठवलं, एकदा नाही, नऊ वेळा. शेवटी सरकारला तो खटला सोडून द्यावा लागला.

चार वर्षांनी नाण्यांचं प्रकरण झालं. विल्यम वुड नावाच्या इंग्लिश कारखानदाराला आयर्लंडसाठी लाखभर पौंडांची तांब्याची नाणी पाडायचा परवाना मिळाला होता, तोही राजाच्या मर्जीतल्या बाईला पैसे चारून. आयर्लंडच्या संसदेला कुणी विचारलंसुद्धा नाही. स्विफ्टनं 'एम. बी., कापडदुकानदार' असं नाव घेतलं आणि दुकानदार, कारागीर, शेतकरी, साधी माणसं यांना उद्देशून पत्रं लिहिली. खुली पत्रंच ती. कॅथीड्रलचा डीन बोलतोय असा एकही शब्द त्यात नाही, गल्ल्यावर बसलेला माणूस बोलतो. हा पैसा चालू झाला तर जमीनदाराला शहरात कापड आणि मसाले घ्यायला येताना पाच-सहा घोड्यांवर नाण्यांची पोती लादून आणावी लागतील, असं तो गणित मांडून दाखवतो. ती अतिशयोक्ती होती. टांकसाळीत न्यूटनच्या देखरेखीखाली नाण्यांची तपासणी झाली होती आणि धातू ठीक निघाला होता. पण चौथ्या पत्रापर्यंत स्विफ्ट धातूच्या पलीकडे गेला. ज्यांच्यावर राज्य करायचं त्यांच्या संमतीशिवाय केलेलं राज्य म्हणजेच गुलामगिरी, हे वाक्य त्यानं १७२४ च्या ऑक्टोबरात छापायला दिलं.

सरकारनं लेखकाचं नाव सांगणाऱ्याला ३०० पौंडांचं बक्षीस लावलं. लेखक कोण हे डब्लिनमध्ये जवळजवळ सर्वांना माहीत होतं. बक्षीस घ्यायला एकही माणूस गेला नाही. तुरुंगात गेला तो मुद्रक जॉन हार्डिंग. पुढच्या वर्षी वुडचा परवाना रद्द झाला, आणि त्याच वर्षी हार्डिंग वारला. त्याच्या बायकोनं, सारा हार्डिंगनं, छापखाना चालू ठेवला. १७२९ मध्ये स्विफ्टनं 'एक नम्र प्रस्ताव' लिहिला तो तिनंच छापला. नवऱ्याचा असा शेवट पाहिलेल्या बाईनं तोच लेखक पुन्हा छापायला घेतला, ही गोष्ट मला स्विफ्टच्या कुठल्याही पदापेक्षा मोठी वाटते. तिचं नाव मराठीत कुठंतरी छापलेलं असावं म्हणून मी ते इथं मुद्दाम लिहिते आहे.

तो 'प्रस्ताव' वाचताना अंगावर काटा येतो. सलग काही वर्षं पिकं बुडाली होती, भीक मागणाऱ्या बायका पोरांना घेऊन रस्त्यावर होत्या. स्विफ्टचा लेखक अगदी शांतपणे हिशेब करतो : गरिबांच्या घरी वर्षाला १,२०,००० मुलं जन्माला येतात, २०,००० पैदाशीसाठी ठेवावीत, उरलेली १,००,००० वर्षाची झाली की श्रीमंतांच्या ताटासाठी विकावीत. जमीनदारांचा या मुलांवर पहिला हक्क, कारण आईबापांना त्यांनी आधीच खाऊन झालेलं आहे. आणि मग तो म्हणतो, इतर उपाय मला सांगू नका : परदेशी बसून खंड खाणाऱ्या जमीनदारांवर कर लावणं नको, आपल्याच देशात बनलेला माल वापरणं नको, कुळांवर दया करणं नको. हे सगळे उपाय तो स्वतः कैक वर्षं सांगत आला होता. कुणी ऐकलं नव्हतं. ही सहा-सात पानं आहेत. एखाद्या दिवाळी अंकातही मावतील.

आता गलिव्हरकडे येते. १७२६ मध्ये लंडनच्या बेंजामिन मॉट या प्रकाशकाच्या दाराशी अंधारात भाड्याच्या घोडागाडीतून हस्तलिखित टाकलं गेलं. कुणी टाकलं ते त्याला कळलं नाही. २८ ऑक्टोबरला पुस्तक बाहेर आलं आणि बघता बघता संपलं. मंत्रिमंडळापासून लहान मुलांच्या खोलीपर्यंत सगळे हेच वाचताहेत, असं जॉन गे या मित्रानं स्विफ्टला कळवलं. म्हणजे हे पुस्तक मुलांनी वाचलं ते पहिल्या महिन्यापासूनच, पण मोठ्यांच्या बरोबरीनं वाचलं. मॉटनं मात्र खटल्याच्या भीतीनं मजकूर ठिकठिकाणी बदलला होता. स्विफ्टला ते फार लागलं. १७३५ मध्ये डब्लिनच्या जॉर्ज फॉकनरनं दुरुस्त आवृत्ती काढली तेव्हा बरंचसं मूळ जागेवर आलं. तरीही एक भाग त्यानंसुद्धा छापला नाही. आकाशातून तरंगणाऱ्या बेटावरून राज्य करणाऱ्या राजाविरुद्ध एक शहर उठतं आणि त्याला नमवतं, असा तो प्रसंग आहे. ते शहर म्हणजे डब्लिन हे उघड होतं. तो छापून यायला १८९९ साल उजाडलं.

या फॉकनरनं सांगून ठेवलेली एक आठवण तुमच्यासाठी मोलाची आहे. मुद्रितं आली की स्विफ्ट ती मोठ्यानं वाचून घ्यायचा आणि घरातल्या दोन नोकरांना ऐकायला बसवायचा. त्यांना जे कळलं नाही ते तो बदलायचा, कळेपर्यंत बदलायचा. 'हे आमच्या वाचकाला जड जाईल' असं मला आजवर तिघा प्रकाशकांच्या प्रतिनिधींनी सांगितलं आहे. ज्या लेखकानं घरच्या नोकरांना कळेपर्यंत वाक्यं घासली, तो मराठी वाचकाला जड कसा जाईल?

आणि गाळलेल्या पानांत काय आहे ते बघा. तिसऱ्या प्रवासात लगादो शहरातली अकादमी आहे. तिथं एक विद्वान आठ वर्षं काकड्यांतून सूर्यप्रकाश काढायच्या खटपटीत आहे. दुसऱ्यानं लाकडी चौकटीत भाषेतले सगळे शब्द बसवलेत. चाळीस विद्यार्थी कड्या फिरवतात, शब्द उलटेसुलटे होतात, जुळलेले तुकडे उतरवून घेतले जातात, म्हणजे अभ्यास न करता कुणालाही थोड्या खर्चात ग्रंथ लिहिता येतील. यंत्रानं लिहिलेली पुस्तकं आता तुमच्याही टेबलावर येत असतील. तीनशे वर्षांपूर्वीचं हे पान तुम्ही स्वतः तरी एकदा वाचावं असं मला मनापासून वाटतं. अकादमीच्या बाहेरची गोष्ट आणखी बोचते. नव्या योजनांच्या नादात चांगली शेतं ओसाड पडली आहेत, घरं मोडकळीला आली आहेत आणि लोकांच्या अंगावर चिंध्या आहेत.

याच प्रवासात मंगळाला दोन चंद्र असल्याचं स्विफ्टनं लिहून ठेवलंय. ते खरोखर सापडले १८७७ मध्ये. आज त्यांतल्या एकावरच्या विवराला स्विफ्टचं नाव आहे. चौथ्या प्रवासातला 'याहू' हा शब्द इंटरनेटवर आलेल्या आपल्या सगळ्यांच्या तोंडी बसला. अंडं मोठ्या टोकाकडून फोडावं की लहान, यावर ११,००० माणसं जीव देतात ही लिलिपुटची गोष्ट. तिच्यावरून डॅनी कोहेन या संगणकशास्त्रज्ञानं १९८० मध्ये 'लिटल-एंडियन' आणि 'बिग-एंडियन' हे शब्द उचलले, संगणकात बाइट कुठल्या क्रमानं ठेवायचे ते सांगायला. पुण्यात नोकरी करणारा माझा भाचा ते रोज वापरतो. ते कुठून आले हे त्याला माझ्याकडून कळलं.

दुसऱ्या प्रवासाबद्दल एक गोष्ट मराठी वाचकाला सांगायलाच हवी. २० जून १७०२ रोजी गलिव्हर ज्या जहाजावर चढतो ते निघालेलं असतं सुरतेला. आपल्याला सुरत आठवते ती शिवाजीमहाराजांच्या स्वारीमुळं. दुसऱ्या स्वारीला तेव्हा ३२ वर्षंच झाली होती. आमच्या एकाही प्रतीत सुरतेचा उल्लेख नाही. राक्षसांच्या देशाचा तो राजा बंदुकीच्या दारूची कृती ऐकून हादरतो आणि ती नाकारतो. जिथं गवताचं एक पातं उगवत होतं तिथं जो दोन उगवून दाखवील तो सगळ्या राजकारण्यांहून देशाच्या जास्त कामाचा, असं तो म्हणतो. आमच्या वाचनालयातले निम्मे वर्गणीदार शेतकऱ्यांच्या घरातले आहेत. हे वाक्य त्यांच्यापर्यंत पोहोचायला नको का?

आमच्याकडे सकाळी पेपर वाचायला येणारे एक निवृत्त शिक्षक आहेत, वय ८७. तिसऱ्या प्रवासातली अमर माणसांची गोष्ट मी त्यांना इंग्रजीतून वाचता वाचता मराठीत सांगितली. या माणसांच्या डाव्या भुवईवर जन्मतः ठिपका असतो, ती मरत नाहीत, पण म्हातारी मात्र होत जातात. ऐंशीव्या वर्षी कायद्यानं ती मेलेली धरतात, इस्टेट वारसांकडे जाते. दात जातात, चव जाते, आठवण जाते. भाषा बदलत राहते, त्यामुळं दोनशे वर्षांनी त्यांना शेजाऱ्याशीही बोलता येत नाही आणि ती स्वतःच्याच देशात परक्यासारखी जगतात. गुरुजींनी मला तिथं थांबवलं. चष्मा काढून हातात धरला आणि म्हणाले, "दोनशे कशाला, नातवाशी बोलताना मला आत्ताच तसं होतं." मग म्हणाले, "हे लिहून द्याल का मला?" मी वहीत चार पानं लिहून दिली. ती पानं पेपरच्या टेबलावर बसणाऱ्या सगळ्यांनी वाचली.

चौथा प्रवास गाळायचं खरं कारण मला माहीत आहे. विवेकी घोडे आणि त्यांच्या देशातली पशुवत माणसं, याहू, हे चित्र फार कडवट आहे. पैसे घेऊन, आपलं काही न बिघडवलेल्या माणसांना शांत डोक्यानं मारणारा याहू म्हणजे सैनिक, असं गलिव्हर घोड्याला समजावतो. हे वेड्या माणसाचं लिखाण आहे असंही फार काळ म्हटलं गेलं. ते खरं नाही. स्विफ्टला तरुणपणापासून चक्कर आणि बहिरेपणाचे झटके यायचे. तो कानाच्या आतला आजार होता, त्याला मेनियर हे नाव पुढं एकोणिसाव्या शतकात मिळालं. कारभार सांभाळता येत नाही म्हणून त्याच्यावर पालक नेमले गेले ते १७४२ मध्ये, गलिव्हर येऊन सोळा वर्षं झाल्यावर.

ज्याला माणसांचा तिरस्कार करणारा म्हणतात त्याच्या खिशाकडे बघावं. विणकर-कारागिरांना बिनव्याजी छोटी कर्जं देण्यासाठी त्यानं ५०० पौंड बाजूला काढून ठेवले होते. मृत्युपत्रात उरलेला जवळजवळ सगळा पैसा मनोरुग्णांच्या इस्पितळासाठी ठेवला. तो १७४५ मध्ये गेला, १७५७ मध्ये ते सेंट पॅट्रिक इस्पितळ उघडलं आणि डब्लिनमध्ये ते आजही चालू आहे. आणि स्टेला. त्यानं आठव्या वर्षापासून शिकवलेली, जन्मभराची मैत्रीण. जानेवारी १७२८ मध्ये ती गेली. दफनाच्या रात्री तो आजारी होता, जाऊ शकला नाही. चर्चमधला उजेड दिसू नये म्हणून दुसऱ्या खोलीत जाऊन बसला आणि तिच्याबद्दल लिहीत राहिला. आज दोघं त्या कॅथीड्रलमध्ये शेजारी शेजारी आहेत.

त्याला देव करा असं मी म्हणत नाही. आयर्लंडच्या बहुसंख्य कॅथलिकांवर जाचक कायदे होते, आणि आपल्या पंथाबाहेरच्यांना सरकारी पदं मिळू नयेत या बाजूला तो शेवटपर्यंत राहिला. बायकांबद्दलच्या त्याच्या काही कविता वाचून मला राग येतो. प्रस्तावनेत हेही लिहा. आमचे वाचक ते पेलतील.

माझं मागणं मोठं नाही. चारही प्रवासांचा, फॉकनरच्या पाठावरून केलेला, डब्लिनच्या बंडाच्या प्रसंगासह पूर्ण अनुवाद सहज मिळेल अशा किमतीत काढा. मूळ मजकूर लाखभर शब्दांचा आहे आणि स्वामित्वहक्काचा प्रश्नच नाही. त्याच्याच पुढं 'नम्र प्रस्ताव' आणि कापडदुकानदाराचं चौथं पत्र जोडा. मुलांसाठी संक्षेप काढाल तेव्हा चारही प्रवासांचा काढा, त्यावर 'संक्षिप्त' असं स्पष्ट छापा आणि स्विफ्टचं नाव मुखपृष्ठावर घ्या. जिल्ह्यातल्या आणखी काही वाचनालयांशी मी बोलले आहे. आधी मागणी नोंदवायला आम्ही तयार आहोत.

ती मुलगी आता सातवीत गेली. माझ्या वहीत तिसऱ्या प्रवासाची ४१ पानं झाली आहेत. दर शनिवारी शाळा सुटली की ती येते आणि आठवड्यात लिहून झालेली पानं तिथंच बाकावर बसून वाचून जाते. गेल्या शनिवारी तिनं वहीच्या कव्हरवर वाचनालयाचा शिक्का मारून मागितला, म्हणजे ती घरी नेता येईल. मी मारून दिला आणि दाखल नोंदवहीत त्या वहीला क्रमांकही घातला. किमतीचा रकाना तेवढा रिकामा आहे.

आपली,
एका तालुका वाचनालयाची ग्रंथपाल